मुलाच्या आइस हॉकीसाठी कोथरूडचा फ्लॅट विकावा का?

ताई, नमस्कार.

तुमचं पत्र लांबलचक होतं आणि ते बरंच झालं, कारण खरा प्रश्न अगदी शेवटाकडे सापडला. इतर वाचकांसाठी आधी हकिगत सांगतो. तुम्ही 2001 मध्ये पुण्याहून कॅनडात आलात, टोरांटोजवळ मिसिसागात राहता. मुलगा 27 वर्षांचा, डिफेन्समन, म्हणजे बचाव फळीत खेळणारा. ज्युनिअरची चार वर्षं ओएचएल या तरुणांच्या लीगमध्ये खेळला, पण सर्वोच्च लीग एनएचएलच्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे क्लब नवे खेळाडू निवडतात त्यात, नाव आलं नाही. ओएचएलच्या शिष्यवृत्तीवर किनेसिऑलॉजीची (शरीराच्या हालचालींच्या शास्त्राची) पदवी घेतली आणि गेले तीन सीझन तो अमेरिकेत ईसीएचएलमध्ये, म्हणजे एनएचएलच्या दोन पायऱ्या खालच्या लीगमध्ये, खेळतोय. सामने झाले 201. मधे दोनदा एएचएलच्या, म्हणजे मधल्या पायरीच्या, क्लबने चाचणीसाठी (ट्रायआउट) वर बोलावलं, मिळून 9 सामने खेळवले आणि परत धाडलं.

आता त्याच्यापुढे दोन देकार आहेत. जुना ईसीएचएल क्लब आठवड्याला 750 अमेरिकन डॉलर देतोय. ब्रिटनच्या एलिट लीगमधला एक क्लब आठवड्याला हातात 500 पाउंड, राहायला जागा आणि वर विद्यापीठात मास्टर्सची फी देतोय. एजंट म्हणतो, अजून एक वर्ष ईसीएचएलला काढ, एएचएलचा करार नक्की. यजमानांचं म्हणणं असं की पैशाच्या काळजीपोटी पोराने निर्णय घ्यायला नको. सासऱ्यांचा कोथरूडचा फ्लॅट 1 कोटी 20 लाखाला जाईल, त्यातले 50,000 कॅनेडियन डॉलर त्याच्या पुढच्या दोन वर्षांसाठी आणि उरलेले त्याच्या स्वतःच्या इथल्या फ्लॅटच्या (कॉन्डोच्या) डाउन पेमेंटला. फ्लॅट विकला जाईपर्यंत राहत्या घरावर लाइन ऑफ क्रेडिट (घर तारण ठेवून लागेल तसं उचलायचं कर्ज) काढायची. तुम्हाला हे पटत नाही, पण ‘आई आडवी आली’ हा ठपकाही नको आहे.

माझं मत सांगून टाकतो. फ्लॅट विकू नका, घरावर कर्ज तर मुळीच नको. मुलाला मात्र खेळू द्या, आणि दोन देकारांत ब्रिटनचा घ्यावा असं मला वाटतं, एका अटीवर. ती पुढे येईल.

आधी ईसीएचएलचा हिशेब. सीझन ऑक्टोबरच्या मध्यापासून एप्रिलच्या मध्यापर्यंत, 72 सामने, साधारण 26 आठवडे. 750 गुणिले 26 म्हणजे 19,500 अमेरिकन डॉलर, तेही कर कापायच्या आधी. राहायची जागा क्लब देतो, सहकाऱ्यांबरोबर वाटून घेतलेली असली तरी भाडं द्यावं लागत नाही, ही जमेची बाजू. पण शेवटचा सामना झाला की चेक थांबतो आणि पुढचे साडेपाच महिने तो तुमच्याकडे जेवतो. शिवाय करार हमीचा नसतो. फॉर्म गेला किंवा वरून कोणी खाली आला, तर क्लब नोव्हेंबरातही नारळ देऊ शकतो. घरात सगळ्यांच्या डोळ्यांपुढे एनएचएलचा पगार असतो, 2025-26 चा किमान आकडा 7,75,000 डॉलर. तुमचा मुलगा त्याच्या दोन पायऱ्या खाली आहे, आणि या पायऱ्या सारख्या उंचीच्या नाहीत.

क्लबामागून क्लब बदलत जाणारे खेळाडू वरच्या लीगमध्येही असतात. माइक सिलिंजर एनएचएलच्या 12 क्लबांतून खेळला, तो विक्रम आहे. पण त्याची सगळी भटकंती मिळून 1,049 सामने एनएचएलमध्येच झाली. आपल्या लोकांपैकी आठवायचा तर रॉबिन बावा, भारतीय वंशाचा एनएचएलमधला पहिला खेळाडू, ब्रिटिश कोलंबियातल्या डंकनचा. चार क्लबांकडून मिळून 61 सामने, बाकीची कारकीर्द बरीचशी खालच्या लीगमध्ये. सिलिंजरची भटकंती कुटुंबाला पोसते, बावाच्या वाटेवर पैसा बेताचाच मिळतो. तुम्ही दुसऱ्या वाटेचा हिशेब धरा.

आता एजंटच्या ‘अजून एक वर्ष’बद्दल. इथे एक नियम आहे, जो तुमच्या पत्रात कुठेच नाही. ईसीएचएलमध्ये ज्याचे व्यावसायिक सामने 260 च्या वर गेले तो ‘व्हेटरन’, आणि प्रत्येक संघाला असे चारच चालतात. एएचएलमध्ये तर सामन्याला उतरणाऱ्या 18 स्केटरांपैकी (गोलरक्षक सोडून बाकीच्या खेळाडूंपैकी) 13 जण ‘डेव्हलपमेंट’ गटातले असावे लागतात. त्यातल्या 12 जणांची मर्यादा तीच 260 सामन्यांची, एकाची 320 ची. तुमच्या मुलाचे ईसीएचएल आणि एएचएल मिळून 210 झालेत. आणखी एक सीझन धड खेळला की तो ही रेघ ओलांडतो. म्हणजे एजंट ज्या एएचएल करारासाठी थांबायला सांगतोय, तो मिळायच्या वेळी मुलगा अशा गटात असेल ज्याच्यासाठी प्रत्येक संघात मोजक्याच जागा आहेत आणि त्या जागा शंभर गोल केलेले, एनएचएल बघून आलेले लोक अडवून बसलेत. एजंट खोटं बोलतोय असं मी म्हणत नाही. नियम त्यालाही ठाऊक आहे. त्याला सरळ विचारा, ‘260 पार झाल्यावर त्याला कोण घेईल, क्लबाचं नाव सांगा.’ उत्तरात नाव आलं तर मला कळवा, मी माझं मत पुन्हा तपासेन. आणि युरोपातल्या कोणत्या लीगचे सामने या मोजणीत धरले जातात, तेही त्याच्याकडून लेखी घ्या.

ब्रिटनचा पगार आकड्यात थोडाच बरा आहे. सीझन सप्टेंबर ते एप्रिल, 32 आठवडे धरले तर 16,000 पाउंड हातात आणि घरभाडं नाही. खरी किंमत आहे ती फीची. परदेशी विद्यार्थ्याला तिथल्या मास्टर्सला सहज 15,000 ते 20,000 पाउंड पडतात. एलिट लीगमधल्या बऱ्याच क्लबांचे स्थानिक विद्यापीठांशी असे करार आहेत आणि पंचविशी-तिशीतले कॅनेडियन खेळाडू याच कारणासाठी तिकडे जातात. किनेसिऑलॉजीची पदवी हातात असलेल्या मुलाने स्पोर्ट्स सायन्स किंवा स्ट्रेंथ अँड कंडिशनिंगमध्ये मास्टर्स केलं, तर हॉकी संपल्यावरही रिंकच्या आसपासच त्याचं पोट भरेल. ईसीएचएलच्या आणखी एका सीझनमधून असं काही हाती लागत नाही.

आता ती अट. व्हिसा कोणता, हे करारावर सही करण्याआधी बघा. ब्रिटनच्या स्टुडंट व्हिसावर व्यावसायिक खेळाडू म्हणून खेळता येत नाही. त्याला इंटरनॅशनल स्पोर्ट्सपर्सन व्हिसा लागतो, त्यासाठी तिथल्या क्रीडा संघटनेची शिफारस लागते, आणि त्या व्हिसावर शिकता येतं. क्लबवाले कधी कधी ‘ते सगळं आम्ही बघू’ म्हणतात. ‘बघू’ चालणार नाही, व्हिसाचं नाव करारात लिहून हवं. व्हिसाबरोबर भरायचा आरोग्य अधिभार वर्षाला 1,035 पाउंड आहे, तो कोण भरणार? सीझनच्या मध्यात क्लबने काढून टाकलं किंवा दुखापत झाली, तर फी पूर्ण भरली जाणार की त्या दिवसापासून बंद? पगाराच्या आकड्यावर घासाघीस करण्यापेक्षा या एका ओळीवर करा.

विम्याचं लिहिताना मन जड होतं, पण टाळता येत नाही. 28 ऑक्टोबर 2023 ला शेफिल्डमध्ये याच लीगच्या सामन्यात नॉटिंगहॅमचा अ‍ॅडम जॉन्सन गळ्यावर स्केट लागून गेला. वय 29. पिट्सबर्गकडून एनएचएलचे 13 सामने, मग स्वीडन, जर्मनी, इंग्लंड, असा त्याचा प्रवास होता. त्यानंतर या लीगमध्ये गळ्याचं संरक्षक सक्तीचं झालं. क्लबचा विमा सामना आणि सरावाला असतो. उन्हाळ्यात मुलगा स्वतः बर्फ भाड्याने घेऊन स्केटिंग करतो तेव्हा गुडघा गेला तर क्लबचा संबंध नाही. ओहिप, म्हणजे ऑन्टारिओचा सरकारी आरोग्य विमा, चालू राहील का, हेही तपासा. बारा महिन्यांत 153 दिवस ऑन्टारिओत राहण्याची अट आहे, नोकरीसाठी बाहेर असणाऱ्यांना सवलत मिळते, पण ती मागावी लागते.

आता फ्लॅट. तुम्ही सहज लिहून गेलात की सोसायटीचं शेअर सर्टिफिकेट अजून सासऱ्यांच्या नावावर आहे, मृत्युपत्र केलेलं नव्हतं, सासूबाई आधीच गेल्या आणि ‘नणंदेची काही हरकत नाही’. ताई, हरकत नसणं आणि हक्क नसणं यात फार अंतर आहे. मृत्युपत्र नसेल तर मुलगा आणि मुलगी दोघं सारखेच वारस. कागदावर आज तुमच्या यजमानांचा अर्धाच फ्लॅट आहे, म्हणजे 1 कोटी 20 लाखांतले 60 लाख, लाखभर डॉलरच्या आतच. नणंदबाई राजीखुशीने सोडणार असतील तर नोंदणीकृत हक्कसोडपत्र लागेल. पण भाच्याच्या हॉकीसाठी त्यांच्याकडे हक्क सोडायला सांगणं मला तरी प्रशस्त वाटत नाही.

त्या 60 लाखांवरही कर आहेच. भारतात दीर्घकालीन नफ्यावर 12.5 टक्के, वर अधिभार आणि सेस. इंडेक्सेशनचा (महागाईनुसार खरेदीची किंमत वाढवून धरण्याचा) जुना पर्याय अनिवासींना नाही. कमी कपातीचा दाखला आधी काढला नाही, तर खरेदीदार नफ्यावर नव्हे, पूर्ण किमतीवर टीडीएस कापतो आणि मग परतावा मिळेपर्यंत वाट बघत बसायचं. कॅनडात मूळ किंमत धरली जाते वारसा मिळाला त्या दिवशीच्या बाजारभावाने, भारतात सासऱ्यांच्या खरेदीवरून. म्हणजे दोन देशांत दोन वेगळे नफे, दोन मूल्यांकनं. (महिन्याचं 26,000 रुपये भाडं इथल्या रिटर्नमध्ये दाखवता ना? पत्रात त्याचा उल्लेख नाही.)

पण कर हे न विकण्याचं माझं मुख्य कारण नाही. यजमान 60 चे, तुम्ही 57 च्या. ओल्ड एज सिक्युरिटी हे कॅनडाचं सरकारी वृद्धापकाळ पेन्शन पूर्ण मिळायला अठराव्या वर्षानंतर 40 वर्षं कॅनडात राहावं लागतं. 2031 मध्ये यजमान 65 चे होतील तेव्हा त्यांची 30 वर्षं भरतील, म्हणजे पाऊण रक्कम. तुम्हाला 33/40. सीपीपी, म्हणजे नोकरीतल्या वर्गणीवरचं पेन्शन, तेही उशिरा सुरू झालेल्या नोकरीच्या मानाने. मॉर्गेजचे (घरकर्जाचे) 1,40,000 डॉलर बाकी, आणि ते 2021 च्या स्वस्त व्याजदरावरून पुढच्या काही महिन्यांत रिन्यू होणार, हप्ता वाढणारच. तुमच्या म्हातारपणाच्या हिशेबात जो खड्डा आहे, तो भरायला तो अर्धा फ्लॅटच आहे. मुलाकडे कमवायला 35-40 वर्षं आहेत, तुमच्याकडे पाच-आठ.

आणि 50,000 चा आकडा आला कुठून? तुमच्या यादीत उन्हाळ्यात टोरांटोत रिंकजवळ वेगळं भाड्याचं घर आहे. मिसिसागात त्याची खोली तशीच ठेवलेली असताना हे कशाला? ते काढा, ‘नवीन गाडी’ काढा. ट्रेनर आणि जिम, बर्फाचे तास, स्केटिंग कोच, गाडीचा विमा, फोन मिळून माझ्या अंदाजाने एका उन्हाळ्याला 9,000 डॉलर. त्यातले तीन-चार हजार तो लहान मुलांच्या हॉकी कॅम्पमध्ये शिकवून काढू शकतो, ईसीएचएलमधले कितीतरी जण काढतात. उरलेले पाच-सहा हजार तुम्ही चालू पगारातून द्या, दोन उन्हाळे, आणि ते देणगी म्हणून द्या, उधार म्हणून नको.

लाइन ऑफ क्रेडिट ‘तो एएचएलमध्ये गेला की फेडेल’ असं यजमान म्हणतात. न झालेल्या कराराच्या भरवशावर घर गहाण टाकायचं, असा याचा अर्थ. एनएचएलचा जॅक जॉन्सन, ज्याने 2011 मध्ये सात वर्षांचा 3 कोटी 5 लाख डॉलरचा करार केला होता, त्याने 2014 मध्ये दिवाळखोरीचा अर्ज केला, कारण येणाऱ्या पगारावर घरच्यांनी कर्जं उचलली होती. तिथे निदान करार तरी होता.

कॉन्डोचा विचार दोन वर्षं बाजूला ठेवा. जो मुलगा वर्षातले आठ महिने दुसऱ्या देशात असतो त्याला टोरांटोतल्या कॉन्डोची मेन्टेनन्स फी भरण्यात काय मिळणार? त्याऐवजी एफएचएसए, म्हणजे पहिल्या घरासाठी बचतीचं करसवलतीचं खातं, उघडू दे. वर्षाला 8,000, एकूण 40,000 ची मर्यादा, आणि मर्यादा खातं उघडल्यापासूनच साठायला लागते. पण त्याआधी तो कराच्या दृष्टीने कॅनडाचा रहिवासी आहे की नाही हे ठरवून घ्या. अनिवासी असताना टीएफएसए या करमुक्त बचत खात्यात पैसे भरले तर महिन्याला 1 टक्का दंड बसतो, आणि ‘आईने वाढदिवसाला भरले’ हे कारण चालत नाही.

याच ओघात सगळ्यात तातडीचं काम. गेल्या तीन वर्षांत त्याने अमेरिकेत कर कापून घेतला, पण कॅनडात रिटर्न भरलं का, याबद्दल तुम्ही ‘बहुतेक नाही’ असं लिहिलंय. सीझन संपला की तो तुमच्याच घरी येतो, ओहिप कार्ड आहे, लायसन्स ऑन्टारिओचं आहे, त्यामुळे तो रहिवासीच धरला जाण्याची शक्यता दाट. रहिवाशाला जगभरचं उत्पन्न दाखवावं लागतं. अमेरिकेत भरलेल्या कराची वजावट मिळते, त्यामुळे देणं फार निघणार नाही, आणि आरआरएसपीची (निवृत्तीच्या बचत खात्यात पैसे भरण्याची) जागाही तयार होते. त्याचे तिन्ही वर्षांचे डब्ल्यू-2 (क्लबने दिलेले पगार आणि करकपातीचे दाखले) आणि अमेरिकेतले रिटर्न काढून ठेवा आणि सीमेपलीकडचे कर हाताळणाऱ्या अकाउंटंटकडे त्यालाच पाठवा, तुम्ही जाऊ नका. ब्रिटनचा करार सही होण्याआधी हे व्हायला हवं, कारण तिकडे गेल्यावर रहिवासाचा प्रश्न पुन्हा नव्याने उभा राहणार आहे.