बिल अडलं आणि काळ्या यादीची नोटीसही आली: रिट करावी की दावा?

तुमचा प्रश्न असा: खटाव तालुक्यात सरकारी रस्त्याचं काम पूर्ण केलं, खडीचा थर कमी म्हणून खात्याने अंतिम बिलाचे ३८ लाख अडवले, आता काळ्या यादीत का टाकू नये अशी नोटीस आलीय, कोल्हापूरला रिट, म्हणजे सरकारविरुद्ध थेट हायकोर्टात याचिका, टाकावी का?

मी साताऱ्यात वकिली करतो, ठेकेदारांची कामं जास्त. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला मुंबई हायकोर्टाचं सर्किट बेंच सुरू झालं, आपल्या माणसाची मुंबईची फेरी वाचली, याचा मला मनापासून आनंद आहे. पण हायकोर्ट जवळ आलं म्हणून बिलाचं भांडण रिटचं होत नाही. तुमची भांडणं दोन आहेत, ती एकाच याचिकेत कोंबू नका.

आधी बिल. थर किती जाडीचा होता हे ठरवायला एमबी (कामाचं मोजमाप पुस्तक), साक्षीदार, उलटतपास लागतो. रिटमध्ये ते सहसा होत नाही. खात्याने रक्कम लेखी मान्य करून नुसतीच अडवली असती तर मीच रिट करा म्हणालो असतो.

म्हणून करारनामा काढून लवादाचं, म्हणजे वाद कोर्टाऐवजी पंचाकडे नेण्याचं, कलम आहे का बघा. असेल तर लवादाची नोटीस द्या. मात्र 'अधीक्षक अभियंत्याचा निर्णय अंतिम राहील' एवढंच लिहिलं असेल तर तो लवाद नव्हे. तशाच एका कलमावर ओडिशाच्या प्रकरणात सुप्रीम कोर्टाने १९९६ मध्ये हेच सांगितलं. तरीही करारात दिलेल्या दिवसांत त्या अभियंत्याकडे अर्ज करून ठेवा. लवाद नसेल तर कमर्शियल कोर्टात दावा. त्याआधी सरकारला दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० ची दोन महिन्यांची नोटीस आणि तातडीचा मनाई हुकूम मागायचा नसेल तर दाव्यापूर्वीची मध्यस्थी, दोन्ही करावं लागतं. हा काळ दाव्याच्या मुदतीतून वगळला जातो.

मुदत ३ वर्षांची, आणि माझा जीव इथेच तुटतो. एक ठेकेदार प्लास्टिकच्या पिशवीत अकरा स्मरणपत्रं घेऊन आले होते. प्रत्येकावर निळ्या शाईचा आवक शिक्का, खात्याचं उत्तर एकालाही नाही. काम संपून साडेचार वर्षं झालेली. आपण कितीही पत्रं दिली तरी मुदत वाढत नाही. ती संपायच्या आत खात्याने सहीनिशी देणं कबूल केलं तरच नव्याने मोजली जाते. हे ऐकून त्यांनी काही न बोलता पिशवीला परत गाठ मारली. ती गाठ मला अजून दिसते.

आता काळी यादी. इथे रिट हेच खरं हत्यार, पण आज नाही. नुसत्या नोटिशीवर गेलात तर 'आधी उत्तर द्या' म्हणून परत पाठवतील. मुद्देसूद उत्तर द्या, एमबीच्या नक्कल प्रती जोडा, समक्ष सुनावणी लेखी मागा, पोच घ्या. म्हणणं ऐकल्याशिवाय काळ्या यादीत टाकता येत नाही हे सुप्रीम कोर्टाने १९७४ मध्येच ठरवलंय. तसा आदेश निघालाच तर त्याच आठवड्यात कोल्हापूर गाठा. पुढची निविदा हातची जाईपर्यंत थांबू नका.

नोटिशीला उत्तर द्यायला किती दिवस दिलेत, ते आज रात्रीच बघा.