‘रुमाकी’ आणि रुमाल

प्रश्न असा आला आहे: १९६० च्या सुमाराच्या एका अमेरिकन पाककृतीत ‘रुमाकी’ नावाचा पदार्थ आहे. कोंबडीची कलेजी बेकनच्या (डुकराच्या खारवलेल्या मांसाच्या) पट्टीत गुंडाळतात, म्हणून हा शब्द आपल्या ‘रुमाल’चा नातेवाईक असेल का? आणि मराठीत लिहिताना तो चालवायचा कसा?

रुमालाशी काही संबंध नाही. रुमाल फारसी. रू म्हणजे चेहरा, आणि ‘माल’ पुसणं-चोळणं या अर्थाच्या धातूतला. त्याच धातूतून आपली मालिश आली. रुमाल मुळात तोंड पुसायचा, गुंडाळायचा नव्हेच. रुमाली रोटी नंतरची.

रुमाकीचं घराणं कॅलिफोर्नियातलं. डॉन द बीचकोंबर आणि ट्रेडर विक्स ही १९३० च्या दशकात तिथे निघालेली उपाहारगृहं. बांबू, ‘टिकी’ म्हणजे माणसासारख्या कोरलेल्या लाकडी मूर्ती, रमची कॉकटेलं असा सगळा पॉलिनेशियन, म्हणजे पॅसिफिक बेटांवरचा देखावा. ताटात मात्र बरंचसं कँटोनी चिनी जेवण, थोडं गोड करून. रुमाकीची आजवर सापडलेली सर्वांत जुनी नोंद बीचकोंबरच्या पाम स्प्रिंग्जमधल्या १९४१ च्या मेनूकार्डावर आहे. कलेजीचा तुकडा आणि वॉटर चेस्टनट या कंदाची चकती सोया सॉस, आलं आणि ब्राउन शुगरमध्ये मुरवायची, बेकनमध्ये गुंडाळून टूथपिक टोचायची आणि बेकन कुरकुरीत होईतो भाजायचं. पन्नास-साठच्या दशकांत अमेरिकेतल्या घरगुती पार्ट्यांत ही असायचीच.

आता शब्द. ‘माकी’ सुशी खाणाऱ्यांच्या ओळखीचा आहे: जपानीत गुंडाळी. पण ‘रु’चं काय? अस्सल जपानी शब्द र-ने सुरू होत नाहीत. जे होतात (रामेन घ्या) ते चिनीतून किंवा आणखी कुठून तरी आलेले. त्यामुळे रुमाकी जसाच्या तसा जपानी मानणं कठीण. जास्त पटणारा तर्क असा की हा ‘हारुमाकी’चा तुटका अवतार आहे. हारु म्हणजे वसंत. हारुमाकी म्हणजे स्प्रिंग रोल. इंग्रजी तोंडात आघात ‘मा’वर गेला की आधीचा ‘हा’ गळायला कितीसा वेळ! कागदोपत्री पुरावा नाही, हा तर्कच. पण मला तो आवडतो. सुरुवातीचं अक्षर गाळून र-वर येऊन थांबायची खोड आपल्यालाही आहे. अरण्याचं रान झालं, अरिष्टकाचा रिठा, अरघट्टाचा रहाट. आपला फक्त ‘अ’ गळाला, इथे ‘हा’ गळाला असावा, एवढाच फरक. आणि हारुमाकीत बेकन नसतं, कलेजीही सहसा नसते. पण नाव भलतीकडचं आणि पदार्थ भलताच, हा टिकी उपाहारगृहांचा रिवाजच होता.

मराठीत ‘ती रुमाकी’. सुशी, पेस्ट्री यांच्या पंगतीत ईकारान्त शब्द आपोआप स्त्रीलिंगी होतो. अनेकवचन रुमाक्या: ‘सहा रुमाक्या खाल्ल्या.’ पार्टीच्या पार्ट्या होतात तर हिला वेगळा न्याय कशाला? लिहिताना ‘रु’ ऱ्हस्व, ‘की’ दीर्घ.

एक गोष्ट मात्र विचारलेली नसताना सांगतो, कारण भाषांतरांत ही चूक सर्रास होते. यातल्या वॉटर चेस्टनटला ‘शिंगाडा’ लिहू नका. इंग्रजीत दोघांनाही तेच नाव चालतं, म्हणून फसगत. शिंगाडा हे पाण्यावर तरंगणाऱ्या वेलीचं शिंगं असलेलं फळ; उकडलं की पिठूळ होतं. चिनी वॉटर चेस्टनट हा नागरमोथ्याच्या कुळातल्या एका पाणगवताचा चिखलात वाढणारा कंद. बाहेरून तपकिरी, आत पांढराशुभ्र, आणि शिजवल्यावरही कचकचीत राहतो. रुमाकीत तो घालतात ते त्या कचकचीसाठीच, कारण कलेजी मऊ असते. शिवाय उपासाचा शिंगाडा कलेजी आणि डुकराच्या मांसाशेजारी छापून आला, तर संपादकाला चतुर्थीच्या दिवशी कोणाकोणाचे फोन येतील ते मी सांगायला नको. सरळ ‘चिनी वॉटर चेस्टनट’ लिहावं, किंवा पहिल्यांदा येईल तिथे ‘पाणगवताचा कुरकुरीत कंद’ असं फोडून सांगावं.