टीएसएच ६.८, टी४ नॉर्मल: लगेच आयुष्यभराची गोळी सुरू करायची का?

तुम्ही लिहिलंय की वय ३४, ऑफिसच्या हेल्थ चेकअपमध्ये थायरॉइडच्या तपासणीत टीएसएच ६.८ म्हणजे वाढलेला आला, फ्री टी४ (थायरॉइडचं रक्तातलं हार्मोन) नॉर्मल आहे, थकवा येतो, केस गळतात. आणि आता हृदयाला धोका आहे का, या भीतीने झोप उडाली आहे. मी डॉक्टर नाही. पण नेमक्या याच रिपोर्टवरून मी दीड वर्ष चुकीच्या वाटेने गेले होते, म्हणून सविस्तर लिहितेय.

आधी हा आकडा काय सांगतो ते बघा. टीएसएच थायरॉइडमध्ये तयार होत नाही, मेंदूखालच्या पिट्युटरी ग्रंथीत होतो. ती टीएसएचच्या रूपाने थायरॉइडला हाक मारते आणि थायरॉइड काम करतं. तुमच्याकडे हाक थोडी मोठ्याने मारावी लागतेय, पण काम होतंय, म्हणून टी४ नॉर्मल. याला सबक्लिनिकल हायपोथायरॉइडिझम म्हणतात. पुष्कळदा हा वाढलेला टीएसएच काही महिन्यांत आपोआप खाली येतो. म्हणून एका रिपोर्टवर काहीच ठरवू नका. दोन-तीन महिन्यांनी टीएसएच आणि फ्री टी४ पुन्हा करा, आणि सोबत अँटी-टीपीओ अँटिबॉडी. ती पॉझिटिव्ह आली तर शरीराची प्रतिकारशक्तीच थायरॉइडवर उलटली आहे असं समजायचं. अशांपैकी दर वर्षी शंभरात साधारण चार जणांचं थायरॉइड पूर्ण मंदावतं.

माझा टीएसएच ७.१ होता, वय ४६. आकड्यापुढे ठळक ‘एच’, म्हणजे ‘हाय’, छापलेला. पहिल्याच भेटीत थायरॉइडची ५० मायक्रोग्रॅमची गोळी लिहून मिळाली. थकवा जाईना म्हणून काही महिन्यांनी ७५ झाली. मग एका रविवारी पुण्यातली पर्वती टेकडी चढताना निम्म्या पायऱ्यांवरच छाती अशी धडधडायला लागली की मी कठड्याला धरून बसले. त्या १०३ पायऱ्या मी लग्नाआधीपासून चढतेय, असं कधी झालं नव्हतं. तपासलं तर टीएसएच ०.१. म्हणजे गोळीचा डोस जास्त झाला होता. असं बराच काळ चाललं तर हृदयाचे ठोके अनियमित होतात, हाडं ठिसूळ होतात. आणि थकव्याचं खरं कारण? हिमोग्लोबिन ९. ते कोणी बघितलंच नव्हतं! नव्या डॉक्टरांनी लोहाच्या गोळ्या दिल्या, थायरॉइडची हळूहळू बंद केली. आता टीएसएच ५ च्या आसपास असतो, वर्षातून एकदा तपासते. म्हणून कळकळीने सांगते, थकवा आणि केसांसाठी हिमोग्लोबिन, फेरिटिन (शरीरातला लोहाचा साठा), बी१२ आणि व्हिटॅमिन डी आधी बघून घ्या.

आता हृदयाचं. २०१० मध्ये सुमारे ५५ हजार लोकांची माहिती एकत्र करून पाहिली गेली. हृदयविकाराचा धोका स्पष्टपणे वाढलेला दिसला तो टीएसएच १० च्या वर असलेल्यांत. तुमच्या आकड्याला घाबरून झोप घालवण्यासारखं त्यात काही नाही. मात्र लिपिड प्रोफाइल, म्हणजे कोलेस्टेरॉलची तपासणी करा, कारण थायरॉइड मंदावलं की एलडीएल, म्हणजे वाईट कोलेस्टेरॉल, वाढू शकतं. गोळीने बरं वाटेल का, यावर २०१७ मध्ये ६५ च्या वरच्या ७३७ जणांचा अभ्यास झाला. गोळी घेणाऱ्यांच्या थकव्यात काही फरक पडला नाही. ते वयस्कर होते, तुम्ही तरुण आहात, तेवढं ध्यानात ठेवा.

एक गोष्ट मात्र अजिबात लांबवू नका. मूल हवं असेल किंवा दिवस राहिले असतील तर सगळा हिशोब बदलतो. पहिल्या महिन्यांत बाळाच्या मेंदूची वाढ आईच्या थायरॉइडवर अवलंबून असते. तेव्हा दोन-तीन महिने थांबायचं नाही, लगेच गायनॅकॉलॉजिस्टना रिपोर्ट दाखवायचा.

आणि गोळी लागलीच तर तीही भिण्यासारखी नाही. माझ्या ताईचा टीएसएच १४ आहे, अँटिबॉडी पॉझिटिव्ह. ती पहाटे उठून पाण्याबरोबर गोळी घेते, अर्ध्या-पाऊण तासाने चहा, आणि कॅल्शियम थेट दुपारच्या जेवणानंतर, कारण कॅल्शियम आणि लोह या गोळीला शोषू देत नाहीत. ठणठणीत आहे. सुरू असलेली गोळी माझं वाचून स्वतःच्या मनाने बंद करू नका, मीही डॉक्टरांच्या सांगण्यावरूनच केली.

थायरॉइडला वाईट म्हणून कोबी-फ्लॉवर सोडायला सांगणारे भेटतील. शिजवलेली भाजी नेहमीच्या प्रमाणात खुशाल खा. रोजचं मीठ आयोडीनयुक्तच ठेवा, उपवासाचं सैंधव रोजच्या स्वयंपाकात आणू नका. केसांसाठी बायोटिन हे व्हिटॅमिन घेत असाल तर डॉक्टरांना सांगून तपासणीसाठी रक्त देण्याआधी किमान दोन दिवस थांबवा, नाहीतर टीएसएच खोटा कमी दिसू शकतो. दुसऱ्या वेळी शक्यतो त्याच लॅबमध्ये, त्याच वेळेला जा. टीएसएच पहाटे जास्त आणि दुपारी कमी असतो, वेळ बदलली तर दोन आकड्यांची तुलनाच होत नाही.