दोन चंद्रांची भरती

प्रश्न : मी कादंबरी लिहिते आहे. तिच्यासाठी बेटांचं एक जग रचलं आहे. तिथलं वर्ष ३६० दिवसांचं, ३६ दिवसांचे १० महिने. आकाशात दोन चंद्र, पौर्णिमा ते पौर्णिमा धाकटा २४ दिवसांचा आणि थोरला ३६ दिवसांचा. महिन्यांना, वारांना छान नावं दिली. पण ही कालगणना कथेत कुठे उपयोगीच पडत नाही, नुसती वहीत पडून आहे. काय चुकतंय? – एक वाचक, गुहागर

उत्तर : हिशेब फार नेटका जमला, तिथेच अडलंय. २४ आणि ३६ चा मेळ दर ७२ दिवसांनी बसतो. म्हणजे दोन्ही पौर्णिमा वर्षात बरोबर पाच वेळा एकत्र येणार, त्याही दरवर्षी त्याच तारखांना. सगळं कायमचं ठरलेलं असेल, तर पंचांग उघडायचं कशाला?

माझं लहानपण कोकणात, हर्ण्याला गेलं. आई सकाळी पहिलं विचारायची, "आज तिथी काय?" ते उपासासाठी नव्हे, सुकतीसाठी, म्हणजे ओहोटीसाठी. खडकावर कालवं काढायला जायचं असायचं. शेजारचे तांडेल, म्हणजे होडीचे प्रमुख, बोटांची पेरं मोजत पाऊणकीचा पाढा म्हणायचे, "चतुर्थी... चार पाऊण तीन." तिथीची पाऊणपट केली की पूर्ण भरतीची वेळ. तीनला भरती, म्हणजे नऊच्या सुमारास सुकती. लगेच आईची कोयती, टोपली बाहेर. भरती रोज साधारण ५० मिनिटं पुढे सरकते, पाऊणकीत ४५ धरतात, आणि किनाऱ्यावरच्या कामाला तेवढं पुरतं. पौर्णिमा-अमावास्येला उधाण, अष्टमीला भांग, म्हणजे पाण्याची चढउतार सगळ्यात कमी. घरातला स्वयंपाकसुद्धा चंद्रावर चालायचा.

आणि त्याच गावात भातवाला सूर्यावर चालतो. मिरग ७-८ जूनलाच लागणार, कारण ते सूर्याचं नक्षत्र, सूर्य त्यात शिरला की लागतं. नारळी पौर्णिमा मात्र सरकते, कारण चंद्राचे बारा महिने ३५४ दिवसांत आटपतात. दरवर्षी ११ दिवसांची तूट पडते आणि ती भरायला १९ वर्षांत ७ अधिक महिने घालावे लागतात. २०२० मध्ये नारळी पौर्णिमा ३ ऑगस्टला होती. २०२३ मध्ये अधिक श्रावण आला आणि ती ३० ऑगस्टला गेली. आता बघा, सरकारी मासेमारीबंदी ३१ जुलैला संपते. एक तांडेल १ ऑगस्टला होडी लोटणार. दुसरा म्हणणार, दर्याला नारळ दिल्याशिवाय नाही, आणि महिनाभर कमाई सोडून बसणार. दोघे सख्खे भाऊ असतील तर? तुमच्या बेटांवर हे भांडण हवं आहे. शिवाय तूट भरायला घातलेल्या महिन्यातूनही चाली निघतात. अधिक महिन्यात जावयाला तेहेतीस अनारसे द्यायचे, ते त्यातूनच आलं. (या गणिताची गोडी लागली तर शंकर बाळकृष्ण दीक्षित वाचाच. भारतीय ज्योतिषशास्त्राचा इतिहास त्यांनी १८९६ साली मराठीत लिहिला. हर्ण्याशेजारच्या मुरूडचे ते. मला त्यांचा फार अभिमान आहे.)

तर एकच बदल करा, धाकटा चंद्र २५ दिवसांचा करा. आता दोन्ही पौर्णिमा ९०० दिवसांनी एकत्र येतील, म्हणजे अडीच वर्षांनी. पहिली वर्षाच्या आरंभी धरली तर पुढची वर्षाच्या मध्यावर, मग पुन्हा आरंभी. एक कोरड्या दिवसांत, एक ऐन पावसात! कोरड्यातलं महाउधाण जत्रेचं, पावसातलं घरं सोडून डोंगरावर जाण्याचं. मधे ४५० व्या दिवशी थोरल्याची अमावास्या आणि धाकट्याची पौर्णिमा येईल. पाणी तितकंच चढेल, पण उजेड धाकट्याचाच. त्या रात्री होड्या वर ओढायच्या तर मशाली लागणार. मशाली कुणी धरायच्या, याचा मान कुठल्यातरी घराकडे असणारच. आपल्याकडे शिमग्यात पालखीचा मान असतो तसा.

मग एखाद्या पोरीला वय विचारलं तर ती वर्षं सांगणार नाही. "मी चार जोडपुनवा पाहिल्या," म्हणेल, आणि ऐकणाऱ्याला कळेल की ती दहाच्या आसपासची आहे.

महिन्यांची नावं तूर्त बाजूला ठेवा. पंचांगात मृग असतो, शेतात त्याचा मिरग होतो. तुमच्या बेटावरच्या कालवंवालीच्या तोंडी त्या महिन्याचं काय नाव आहे ते आधी लिहा. पोथीतलं नाव मागाहून सुचेल.