काळाचा प्रवाह वाचून त्याचा नकाशा काढणारं यंत्र माझ्या विज्ञानकथेत आहे. ते कसं दाखवलं तर वाचकाला पटेल?

पहिली गोष्ट, काटा फिरतोय आणि पडद्यावर 'इथे काळ संथ' असं उमटतंय, हे दाखवू नका. एकट्या यंत्राला काळाची गती कधीच कळणार नाही. तुम्ही जिथे आहात तिथे तुमचा सेकंद हा सेकंदच असतो. फरक कळतो तो दोन घड्याळं ताडून पाहिल्यावर. तेव्हा यंत्र जोडीचं हवं: एक घरी, एक प्रवासात.

तुमचा प्रश्न वाचून गप्प बसवलं नाही, कारण हा नकाशा मी पाहिलेला आहे. पुठ्ठ्याचा होता.

मी माध्यमिक शाळेत विज्ञान शिकवायचे. नववीतल्या एका मुलीच्या घरातून कळसूबाई दिसायची. गुरुत्वाकर्षणाच्या परिणामामुळे उंचावर घड्याळ जलद चालतं हे वर्गात ऐकल्यावर तिनं विचारलं, "मग बाई, कळसूबाईवर किती?" आम्ही फळ्यावर हिशेब मांडला. गुरुत्वत्वरण गुणिले उंची, भागिले प्रकाशवेगाचा वर्ग. दर किलोमीटर उंचीला दिवसाकाठी साधारण 9.4 नॅनोसेकंद येतात (नॅनोसेकंद म्हणजे सेकंदाचा अब्जावा भाग). कळसूबाई 1646 मीटर, म्हणजे समुद्रसपाटीपेक्षा दिवसाला 15 नॅनोसेकंदांहून थोडं जास्त. पुण्याला 5 च्या आसपास.

तिनं भारतीय सर्वेक्षण विभागाचा नकाशा मिळवला, ट्रेसिंग पेपरवर समोच्च रेषा उतरवल्या आणि दर 106 मीटरला पुठ्ठ्याचा एक थर कापला. एक थर म्हणजे एक नॅनोसेकंद. कडेला मीटर लिहिलेच नाहीत, फक्त नॅनोसेकंद. सह्याद्रीची अख्खी धार काळाच्या पायऱ्यांनी वर चढत गेलेली. इतकी सुंदर प्रतिकृती मी नंतर कुठल्याही प्रदर्शनात पाहिली नाही.

विज्ञान प्रदर्शनात परीक्षक आले. म्हणाले, "हा उंचीचाच नकाशा आहे, आकडे बदलले की काळाचा होतो का?" तिनं समजावायला सुरुवात केली तर मध्येच, "वर थंडी असते, घड्याळात फरक पडणारच. त्यात काळाचा काय संबंध?" ती म्हणाली, "सर, मग सगळ्या प्रकारची घड्याळं सारखीच कशी बिघडतात?" ते हसून पुढच्या टेबलाकडे गेले. शेऱ्यात लिहिलं: काल्पनिक, शास्त्रीय आधार नाही.

आधार नाही? 1960 मध्ये हार्वर्ड विद्यापीठाच्या मनोऱ्यात पाउंड आणि रेब्का या भौतिकशास्त्रज्ञांनी जेमतेम 22.5 मीटर उंचीत हा परिणाम मोजला. तिथे घड्याळ नव्हतंच, लोखंडाच्या अणुकेंद्रातून निघणारे गॅमा किरण होते. आणि तापमानाच्या फरकाचा परिणाम त्यांनी वेगळा हिशेबात घेतला होता. 1971 मध्ये हाफेली आणि कीटिंग यांनी सिझियमची अणुघड्याळं प्रवासी विमानांतून पृथ्वीभोवती फिरवली. जमिनीवरच्या घड्याळांच्या तुलनेत ती पूर्वेच्या दिशेनं गेल्यावर 59 नॅनोसेकंद मागे पडली, पश्चिमेच्या दिशेनं गेल्यावर 273 नॅनोसेकंद पुढे गेली; तिथे उंचीबरोबर वेगाचाही परिणाम असतो. जीपीएस उपग्रहातलं घड्याळ दिवसाला सुमारे 38 मायक्रोसेकंद, म्हणजे 38 हजार नॅनोसेकंद पुढे जाईल, म्हणून ते सोडण्याआधीच मुद्दाम किंचित संथ लावतात. ते परीक्षक आज रस्ता शोधायला जो फोन वापरत असतील, त्यात तिचंच गणित आहे.

आणि 'हा उंचीचाच नकाशा' हा आक्षेप तर मला कायम उलटा वाटत आलाय. तो नकाशा उंचीशी जुळतो हीच त्यातली मोठी गोष्ट! टोकियोच्या स्कायट्री मनोऱ्यात जपानी भौतिकशास्त्रज्ञ काटोरींच्या गटानं दोन प्रकाशीय घड्याळं (प्रकाशाच्या कंपनांवर चालणारी अतिअचूक अणुघड्याळं) 450 मीटरच्या फरकानं ठेवून नुसत्या वेळेच्या फरकातून उंची काढून दाखवली, 2020 मध्ये ते प्रसिद्ध झालं. 2022 मध्ये अमेरिकेतल्या जिला संस्थेत तर अणूंच्या एकाच ढगात, मिलिमीटरभर वर-खाली, काळाच्या गतीतला फरक सापडला. दुर्बीण आणि पट्टी घेऊन डोंगर मोजायचे तसे आता घड्याळांनी मोजायचा प्रयत्न चाललाय. तुमचं यंत्र म्हणजे हेच, फक्त खांद्यावर घेऊन हिंडता येईल असं करा.

कथेत ते यंत्र तपासायला कुणी अधिकारी येणार असेल, तर त्याला हवा तितका कडक करा, पण समोरच्याचं उत्तर संपेपर्यंत त्याला उभा ठेवा. पंधरा वर्षांच्या मुलीचं वाक्य तोडून पुढे जाणारा माणूस परीक्षक नसतो.

दोन-तीन गोष्टी राहिल्या. साधं मनगटी घड्याळ शिखरावर नेऊन काही दिसणार नाही, त्याची स्वतःचीच चूक या फरकाच्या कोट्यवधी पट असते आणि थंडीचा मुद्दा तिथे खराच आहे. समुद्रसपाटीवर मात्र विषुववृत्त असो की ध्रुव, घड्याळं एकाच गतीनं चालतात, तेव्हा किनाऱ्या-किनाऱ्यानं जाणाऱ्या नायकाला यंत्र काहीच दाखवणार नाही. भूतकाळ-भविष्यकाळ वाचणारं यंत्र हवं असेल, तर त्याला माझ्याकडे आधार नाही, ते तुमच्या कल्पनेनंच पेलायचं.