पॅरा एसएफ राहू दे, आधी दहावीचं मार्कशीट सांभाळ (उत्तर लांबलंय)

"भाऊ बारावीला आहे, पॅरा कमांडोशिवाय दुसरं बोलत नाही. एक अ‍ॅकॅडमी स्पेशल फोर्सेस बॅचचे दीड लाख मागायलीय. पप्पा यंत्रमागावर आहेत, आई नुसती रडायलीय. आणि मार्कशीटवर आडनावाचं स्पेलिंग चुकलंय, पण ते नंतर बघू म्हणतात सगळे." हे तू लिहिलंयस. यातलं शेवटचं वाचून माझ्या पोटात गोळा आला.

धावणं, डाएट, एसएसबीची (लेखीनंतरची फौजेची निवड चाचणी) पुस्तकं यावर बाकीच्यांनी भरपूर लिहिलंय, ते मी परत लिहीत नाही. मी स्वतः फौजेत नाही. धाकटा भाऊ आहे, मेजर आहे, पॅरा एसएफला आहे, म्हणजे पॅराशूट रेजिमेंटच्या स्पेशल फोर्सेसमध्ये, लोक ज्यांना पॅरा कमांडो म्हणतात. युनिट विचारू नका, सांगणार नाही. त्याच्या सगळ्या कागदपत्रांची धावपळ मी आणि पप्पांनी केली, म्हणून लिहितेय. नियम दरवर्षी थोडेफार बदलतात, तेव्हा ताजी जाहिरात स्वतः वाचायची. माझ्या भरवशावर राहू नको.

आधी त्या दीड लाखाचं. ऑफिसर म्हणून थेट पॅरा एसएफमध्ये घेणारी कुठलीच लेखी परीक्षा नाही. बारावीच्या पोरासमोर आज एनडीए (नॅशनल डिफेन्स अ‍ॅकॅडमी) आहे. गणित ३००, जीएटी म्हणजे सामान्य क्षमता चाचणी ६००, मग एसएसबी ९००. या अठराशे मार्कांत कमांडो कुठेच नाही. तिथून तीन वर्षं खडकवासल्याला एनडीएत, एक वर्ष डेहराडूनच्या मिलिटरी अ‍ॅकॅडमीत, मग कमिशन, म्हणजे ऑफिसर. पॅरा एसएफ मागायची ती डेहराडूनहून निघताना, नाहीतर दुसऱ्या रेजिमेंटला जाऊन तिथून व्हॉलंटियर व्हायचं. म्हणजे या बॅचमध्ये शिकवणार काय? टायरवर हातोडे मारायला लावतात आणि काळ्या टी-शर्टात फोटो काढतात. माझं मत कडक आहे, कुणाची अ‍ॅकॅडमी असेल तर राग मानू नका. गणिताची चांगली शिकवणी लाव, राहिलेल्या पैशाला हात लावू नको. लेखी पास झाला की एसएसबीच्या तयारीसाठी नाशिक रोडला राज्य सरकारचं छात्रपूर्व प्रशिक्षण केंद्र आहे, राहणं-खाणं फुकट. त्याची चौकशी जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयात करायची.

आता मार्कशीट.

आमचं आडनाव तेलुगू. सोलापूरच्या पूर्व भागातल्या आडनावांची शाळेच्या कागदांवर काय वाट लागते ते तुला सांगायला नको. दाखल्यावर एक एल, मार्कशीटवर दोन, रेशन कार्डावर तिसरंच काहीतरी. माझा भाऊ एनडीएची लेखी पास झाला, पेढे वाटले, आणि त्याच संध्याकाळी शेजारच्या एकांनी सांगितलं की नावात फरक असला तर एसएसबीतून परत पाठवतात. झालं. दुसऱ्या दिवसापासून आम्ही एका ऑफिसच्या पायऱ्या चढायला लागलो. कुठलं ते लिहीत नाही. ज्यांनी चढल्यात त्यांना कळेल.

टेबलावरच्या माणसाने मार्कशीट उलटंसुलटं करून बघितलं, अर्जाला टाचणीने लावलं आणि म्हणाला, "ओरिजिनल ठेवून जावा. ओरिजिनल नसल्यावर दुरुस्ती कशावर करायची?" ऐकायला बरोबरच वाटतं. पप्पांनी ठेवलं. पोच मागितली तर, "पोच कशाला, आम्ही काय पळून जायलोय का?" पप्पा गप्प बसले. कुठल्याही टेबलासमोर ते असेच उभे राहतात, चप्पल बाहेर काढून.

पुढचं तुला पाठ असेल. साहेब मीटिंगला गेलेत. टपाल वर गेलंय. टपाल अजून आलं नाही. शाळेच्या पत्रावर गोल शिक्का पाहिजे होता, हा चौकोनी आहे, परत आणा. गोल मारून आणला, तर पत्रावर तारीख जुनी आहे. प्रत्येक फेरीला पप्पांची पाळी बुडायची, आणि यंत्रमागावर पाळी बुडाली की त्या दिवसाची मजुरी बुडाली. एकदा मी एकटीच गेले, तर म्हणे "घरात कोण मोठं माणूस नाही का?" मी तेव्हा बी.कॉम. करत होते आणि त्या टेबलावर ज्या अर्जाचा नमुना द्यायचे त्यातल्या शुद्धलेखनाच्या चुका मोजत उभी होते. असो.

एवढ्यात एसएसबीचं पत्र आलं, भोपाळचं. मूळ दहावीचं प्रमाणपत्र आणा, असं त्यात स्वच्छ लिहिलेलं. मी पत्र घेऊन ऑफिसात गेले, म्हटलं दुरुस्ती राहू दे, आमचा कागद परत द्या. "फाइल वर गेली की मधूनच काढता येत नाही." हात जोडले, आवाजही चढवला, दोन्हीचा उपयोग शून्य. शेवटी भाऊ साक्षांकित झेरॉक्स आणि शपथपत्र घेऊन कर्नाटक एक्सप्रेसने गेला. पहिल्याच दिवशी कागद तपासताना त्याला बाजूला काढलं, स्क्रीनिंगला बसू दिलं नाही. भोपाळवाल्यांना मी दोष देत नाही, त्यांनी आधीच सांगितलं होतं. त्यानंतर एनडीएचं वय संपलं. साडेएकोणीसच्या पुढे ते दार कुणासाठीच उघडत नाही.

एनडीएला शिक्षण, राहणं, जेवण सगळं सरकारी खर्चाने असतं. ती तीन वर्षं गेली, आणि त्या जागी कॉलेजची फी पप्पांनी जादा पाळ्या करून भरली. पुढे सीडीएसलाही (पदवीनंतरची ऑफिसर भरतीची परीक्षा) एका झटक्यात जमलं नाही. त्याच्याबरोबर एनडीएची लेखी पास झालेला त्याचा दोस्त आज त्याला सीनियर आहे आणि नोकरीभर सीनियरच राहणार, फौजेत तसंच असतं. माझ्या अंगाची लाही होते ती एवढ्यासाठी की सीडीएसच्या वेळी हाच फरक, हेच दोन एल, शपथपत्रावर निभावलं. (तुमचंही निभावेल असं मी म्हणत नाही. प्रत्येकाचा फरक वेगळा असतो.)

मार्कशीट परत कसं आलं तेही सांगते. कॉलेजातल्या एका सरांनी माहिती अधिकाराचा अर्ज लिहून दिला. तक्रार नाही, रडगाणं नाही, फक्त "माझ्या अर्जावर कोणत्या तारखेला, कोणत्या टेबलावर, काय कार्यवाही झाली". दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावला. कायद्याने तीस दिवसांत उत्तर द्यावं लागतं. उत्तर यायच्या आधीच मार्कशीट घरी आलं, दुरुस्ती न होताच. कोपऱ्यात टाचणीच्या गंजाचा डाग पडलाय तो अजून आहे.

म्हणून तुला सांगते. मूळ मार्कशीट कुठल्याही टेबलावर सोडायचं नाही. दाखवायचं, झेरॉक्स द्यायची, मूळ पिशवीत परत. कुणी हटूनच बसला तर त्याच्याकडून लेखी घे की मूळ प्रत अमुक तारखेला घेतली, सही-शिक्क्यासह. दिलेल्या प्रत्येक अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर आवक क्रमांक टाकून घे, हसले तरी घे. एसएसबीची तारीख जवळ असेल तर दुरुस्तीच्या भानगडीत तेव्हा पडूच नको.

दुसरं, लोक उलटं करतात. आधारवर नाव बरोबर आहे म्हणून मार्कशीट बदलायला धावतात. यूपीएससीच्या फॉर्मात नाव आणि जन्मतारीख दहावीच्या कागदाप्रमाणे भरायची असते. तेव्हा एखाद्या अक्षराचाच फरक असेल तर आधार, पॅन, बँक हे सगळं दहावीच्या कागदाकडे वळव. ते सोपं असतं. मार्कशीटवर आडनावच भलतं असेल, किंवा जन्मतारीख चुकली असेल, तरच मोठी दुरुस्ती काढ, आणि ती शाळेमार्फतच.

आता भावाच्या हट्टाबद्दल. तू लिहिलंयस की त्याने बाइकवर बलिदानचं चिन्ह लावलंय आणि दंडावर तेच गोंदवणार आहे. २०१९ च्या वर्ल्डकपात धोनीच्या ग्लोव्हजवर ते दिसलं तेव्हापासून गल्लोगल्ली हेच. स्टिकर लावू दे, पण गोंदवू देऊ नको. कोपरापासून मनगटापर्यंतची आतली बाजू आणि पंज्याची मागची बाजू, एवढ्याच जागी कायमचा टॅटू चालतो. दंडावरच्या टॅटूने मेडिकलला घरी येईल. शिवाय मरून बेरे, म्हणजे ती मरून टोपी, सगळ्याच पॅराट्रूपर्सची असते, बलिदान फक्त एसएफवाल्यांचं, आणि ते अंगावर यायला काय लागतं ते माझ्या भावाने मला आजतागायत धड सांगितलेलं नाही.

मला जे माहीत आहे ते एवढंच. प्रोबेशनला, म्हणजे एसएफमध्ये घेण्याआधीच्या कसोटीच्या काळात, ऑफिसर आणि जवान दोघांनाही सूट नसते. झोप नाही, पाठीवर वजन, रात्रंदिवस चालणं, आणि त्यातच डोकं शाबूत ठेवून निर्णय घ्यायचा. जे जातात त्यांतले बहुतेक परत येतात. त्या काळात माझ्या भावाचा फोन आला की दोन वाक्यं, "बरंय, आईला सांग". पुढे सुट्टीवर आला तेव्हा आई त्याच्या पायाला तेल लावायला बसली. अंगठ्याची नखं काळी पडून सुटलेली, टाचेची कातडी जुन्या चपलेच्या तळासारखी. आईने काही विचारलं नाही. त्याने शेंगाचटणी आणि कडक भाकरी मागितली आणि खाताखाताच झोपला. नंतर आग्र्याला पॅराशूटच्या उड्या झाल्या. पाच उड्या झाल्या की विंग्ज, म्हणजे पॅराट्रूपरचा पंखांचा बिल्ला, मिळतात.

आणि हे तुझ्या आईला समजावून सांग: प्रोबेशनमधून परत आलेला पोरगा फुकट जात नाही. तो ऑफिसर असतोच, आपल्या मूळ युनिटला परत जातो, थेट डेहराडूनहून आला असेल तर दुसऱ्या युनिटला जातो. म्हणून माझं म्हणणं, घरात "कमांडो" हा शब्द आत्ता बंद करा, "ऑफिसर" म्हणा. लेफ्टनंटचं मूळ वेतन ५६,१०० पासून सुरू होतं, त्यावर १५,५०० मिलिटरी सर्व्हिस पे आणि भत्ते. दोन वर्षांत कॅप्टन, सहाला मेजर, तेराला लेफ्टनंट कर्नल. हे सगळं वेळेवर होतं, कर्नल मात्र निवडीने. एसएफचा झाला तरी जन्मभर दोरावरून लोंबकळत नाही. शिकवायच्या नेमणुका असतात, स्टाफच्या असतात, दुसऱ्या युनिटची कमांडही मिळते. साताऱ्याचे कर्नल संतोष महाडिक २१ पॅरा या एसएफ बटालियनचे, पण नोव्हेंबर २०१५ मध्ये कुपवाड्यात त्यांना वीरमरण आलं तेव्हा ते ४१ राष्ट्रीय रायफल्सचे कमांडिंग ऑफिसर होते. २०१७ मध्ये त्यांच्या पत्नी स्वाती महाडिक स्वतः चेन्नईच्या ऑफिसर ट्रेनिंग अ‍ॅकॅडमीतून ऑफिसर होऊन बाहेर पडल्या. आईपासून हे नाव लपवू नको. आमच्या आईपासून आम्ही लपवलं आणि तिला ते टीव्हीवरच कळलं.

तुझ्या भावाला इतिहासाची आवड असेल तर त्याला सांग, २१ पॅरा मूळची मराठा लाइट इन्फंट्रीचीच बटालियन. ११ डिसेंबर १९७१ ला बांगलादेशात टांगाईलला उतरलेली २ पॅरासुद्धा मुळात मराठाच. एसएसबीच्या मुलाखतीत "पॅराच का" विचारल्यावर पोरं सिनेमातली वाक्यं फेकतात, त्यापेक्षा हे बरं.

धावण्याबद्दल एकच, कारण कुणी लिहिलं नाही. पाठीवर वाळूची सॅक घेऊन विजापूर रोडच्या डांबरावर पळायला त्याला मनाई कर. माझ्या भावाची नडगी त्यानेच गेली होती, कित्येक आठवडे लंगडत होता. मातीवर पळायचं, आणि एप्रिल-मेमध्ये सोलापुरात सकाळी सातच्या आत घरी. दात, कानातला मळ, नाकाचं वाकडं हाड हे आत्ताच डॉक्टरला दाखवून ठेवा. मेडिकलला तात्पुरतं अनफिट केलं तर अपीलला ४२ दिवस मिळतात, त्यात ऑपरेशन करून बरं होणं म्हणजे पळापळ.

सध्या एवढंच कर: शाळेत जाऊन जनरल रजिस्टरचा (प्रवेशाच्या नोंदीचं रजिस्टर) उतारा माग, हेडमास्तरांची सही आणि गोल शिक्का, दोन्ही बघून घे. त्यात आडनाव कसं आहे आणि मार्कशीटवर कसं, ते मला मेसेजमध्ये लिही. फोटो इथे टाकू नको. मग अक्षरं वळवायची कुणीकडे ते सांगते.