'रिबेका' सिनेमा: १९४० चा बघू की २०२० चा? आणि कादंबरीपेक्षा किती वेगळाय?

डोळे झाकून १९४० चा, हिचकॉकचा. २०२० चा नेटफ्लिक्सवाला दिसायला चकाचक आहे पण भीती काही वाटत नाही.

डॅफ्ने द्यू मोरिएची कादंबरी १९३८ ची, आणि नायिकेला नावच नाही, सिनेमातही नाही. मोठा फरक एकच (स्पॉयलर आहे, नको असेल तर पुढचा पॅरा वाचू नका).

कादंबरीत नायिकेचा नवरा मॅक्सिम त्याच्या पहिल्या बायकोला, रिबेकाला, सरळ गोळी घालतो. पण तेव्हाच्या हॉलिवूडच्या सेन्सॉर नियमांत बायकोचा खून करून नवरा मोकळा सुटलेला चालायचा नाही, म्हणून सिनेमात ती पडते नि डोकं आपटून मरते. थोडं मिळमिळीत झालं खरं.

पण मिसेस डॅनव्हर्स, त्या घराची हाउसकीपर! ही बाई चालताना जवळजवळ दिसतच नाही, वळून बघावं तर मागे उभी. रिबेकाच्या खोलीत ती रिबेकाच्याच झिरझिरीत नाइटगाऊनमध्ये हात घालून दाखवते ना, बघ आरपार दिसतो, तिथे काटा येतो अंगावर.

आणि हो, जमलं तर १९६४ चा हिंदी 'कोहरा' पण बघा, ह्याच गोष्टीवरचा, त्यात हा डॅनव्हर्सचा रोल आपल्या ललिता पवारांनी केलाय.